फंड कोणाच्या ताब्यात?

३ डिसेंबर २००१, सोमवार. अमेरिकेतल्या ह्यूस्टन शहरात स्मिथ स्ट्रीटवरच्या पन्नास मजली इमारतीतून माणसं पुठ्ठ्याची खोकी घेऊन बाहेर पडत होती. आदल्याच दिवशी, रविवार असूनही, एन्रॉन कंपनीनं दिवाळखोरीचा अर्ज दाखल केला होता. अमेरिकेनं तोवर पाहिलेली ती सर्वांत मोठी दिवाळखोरी. ह्यूस्टनमधल्या सुमारे ४,००० जणांना नोकरी संपल्याचं त्या सोमवारी कळलं, आणि कित्येकांना अर्ध्या तासात टेबल रिकामं करून निघायला सांगण्यात आलं.

नोकरी दुसरी मिळते, पन्नाशीतही मिळते, पगार कमी घ्यावा लागला तरी मिळते. पण या माणसांची म्हातारपणाची पुंजीसुद्धा त्याच कंपनीच्या शेअरमध्ये होती. वर्षभरापूर्वी ज्या शेअरचा भाव ९० डॉलरपर्यंत गेला होता, तो आता एका डॉलरच्याही खाली होता. पगार आणि पुंजी एकाच दिवशी गेली.

महाराष्ट्राला एन्रॉन हे नाव वेगळ्याच कारणानं पाठ आहे. गुहागर तालुक्यात, अंजनवेलच्या किनाऱ्यावर उभा राहिलेला दाभोळ वीज प्रकल्प, त्यासाठी झालेलं भूसंपादन, गावकऱ्यांची आंदोलनं आणि लाठीमार, ‘एन्रॉन अरबी समुद्रात बुडवू’ ही गोपीनाथ मुंड्यांची घोषणा, ऑगस्ट १९९५ मध्ये मनोहर जोशी सरकारनं रद्द केलेला आणि नंतर पुन्हा वाटाघाटी करून चालू ठेवलेला करार. १९९९ मध्ये पहिला टप्पा सुरू झाला, तिथल्या विजेचा दर राज्य वीज मंडळाला पेलवेना, आणि मे २००१ मध्ये प्रकल्प बंद पडला. त्यामुळे त्याच वर्षाच्या अखेरीला कंपनीच बुडाल्याची बातमी आली, तेव्हा कोकणात आणि मुंबईत अनेकांना न्याय झाल्यासारखं वाटलं. ते समजण्यासारखं होतं. पण त्या बातमीच्या पोटात पगारदार माणसाची एक गोष्ट होती आणि तिच्याकडे आपलं फारसं लक्ष गेलं नाही. पगारातून दरमहा फंड कापून जाणाऱ्या प्रत्येकानं ती समजून घ्यावी अशी आहे.

अमेरिकेत निवृत्तीसाठीच्या बचतीची जी योजना आज सर्वाधिक चालते तिला ४०१-के म्हणतात. करकायद्याच्या ज्या कलमाखाली ती येते त्याचाच हा क्रमांक. कर्मचारी पगारातला काही भाग आपल्या खात्यात टाकतो, कंपनी त्यात आपली भर घालते, आणि हे पैसे कुठे गुंतवायचे ते कर्मचारी समोरच्या पर्यायांतून निवडतो. एन्रॉनमध्ये या पर्यायांत स्वतः एन्रॉनचा शेअरही होता. शिवाय कंपनी आपल्या वाट्याची भर रोख घालत नसे, शेअरच्या रूपानं घाली. आणि ते शेअर वयाची पन्नाशी गाठेपर्यंत विकता येत नसत. चाळिशीतल्या माणसाला हिशेब कितीही नीट कळत असला आणि धोका समोर दिसत असला, तरी हे शेअर त्याला हलवता येत नव्हते.

याचा परिणाम असा की २००० च्या अखेरीस या योजनेतल्या एकूण पैशांपैकी सुमारे ६२ टक्के एकट्या एन्रॉनच्या शेअरमध्ये होते. योजनेत सुमारे २०,००० जणांची खाती होती.

यावर एन्रॉनच्या बाजूनं पुढे एक युक्तिवाद झाला आणि तो अगदीच खोटा नव्हता. या ६२ टक्क्यांतला मोठा हिस्सा कर्मचाऱ्यांनी स्वतःच्या मर्जीनं घेतलेला होता, कंपनीनं दिलेली भर त्यात थोडीच होती. मग दोष कोणाचा? हा प्रश्न विचारताना ती मर्जी कशी घडत होती तेही पाहिलं पाहिजे. एन्रॉनला ‘फॉर्च्यून’ मासिकानं सलग सहा वर्षं अमेरिकेतली सर्वांत कल्पक कंपनी ठरवलं होतं. डिसेंबर १९९९ मध्ये कर्मचाऱ्यांच्या सभेत कुणीतरी विचारलं, निवृत्तीचे सगळे पैसे एन्रॉनच्याच शेअरमध्ये टाकावेत का? मनुष्यबळ विभागाच्या प्रमुखांनी व्यासपीठावरून उत्तर दिलं, ‘नक्कीच’. त्या सभेचं चित्रीकरण उपलब्ध आहे. याच अधिकारी बाईंनी पुढे स्वतःचे बरेच शेअर विकले, कारण त्यांच्या आर्थिक सल्लागारानं त्यांना पैसा एका ठिकाणी ठेवू नका असं सांगितलं होतं. हा सल्ला बरोबरच होता. तो सभेतल्या माणसांपर्यंत मात्र पोहोचला नाही.

पोर्टलंडमधल्या तारमाणसांची गोष्ट तर अधिक जिव्हारी लागते. ऑरेगन राज्यातली पोर्टलंड जनरल इलेक्ट्रिक ही जुनी, सचोटीची वीज कंपनी. वादळात खांबावर चढणारे, तारा जोडणारे लोक तिथे वर्षानुवर्षं काम करत. १९९७ मध्ये एन्रॉननं ही कंपनी विकत घेतली आणि या लोकांच्या खात्यातले जुन्या कंपनीचे शेअर एन्रॉनचे झाले. त्यांनी ह्यूस्टनचा जुगार निवडलेला नव्हता. ते कालपर्यंत जे काम करत होते तेच करत राहिले, आणि त्यांच्या खात्यांतली पुंजी वाहून गेली.

२००१ च्या उन्हाळ्यापासून घसरण सुरू झाली होती. १४ ऑगस्टला मुख्य कार्यकारी जेफ्री स्किलिंग यांनी पदावर आल्यापासून सहाच महिन्यांत अचानक राजीनामा दिला. दुसऱ्याच दिवशी शेरॉन वॉटकिन्स या अधिकारी बाईंनी अध्यक्ष केनेथ ले यांना पत्र लिहिलं, की हिशेबांतल्या लबाड्यांच्या लाटेत कंपनी कोसळेल अशी भीती वाटते. म्हणजे ले यांना सावध केलं गेलं होतं. आणि तरी २६ सप्टेंबरला त्यांनी कर्मचाऱ्यांशी संगणकावरून प्रश्नोत्तरं केली, तेव्हा एन्रॉनचा शेअर या भावात मिळणं म्हणजे पर्वणी आहे आणि चालू तिमाही उत्तम जाते आहे, असं सांगितलं. त्याच वर्षात ले स्वतः कंपनीकडून घेतलेली कोट्यवधी डॉलरची उचल शेअर परत देऊन फेडत होते. असा व्यवहार कंपनीशीच झाला तर तो पुढच्या वर्षापर्यंत जाहीर न करण्याची मुभा तेव्हाच्या नियमांत होती. त्यामुळे अध्यक्ष शेअर हातावेगळे करताहेत हे कर्मचाऱ्यांना दिसण्याची सोयच नव्हती.

१६ ऑक्टोबरला, ज्या तिमाहीला तीन आठवड्यांपूर्वी उत्तम म्हटलं होतं, तिचा ६१.८ कोटी डॉलरचा तोटा जाहीर झाला. आणि मग आलं ते कुलूप.

एन्रॉननं या खात्यांची कारकुनी व्यवस्था एका संस्थेकडून दुसरीकडे सोपवायची असं आधीच ठरवलं होतं. अशा बदलाच्या काळात खाती गोठवली जातात, म्हणजे पैसे एका पर्यायातून दुसऱ्यात हलवता येत नाहीत. ऑक्टोबरच्या अखेरीपासून नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत साधारण दोन आठवडे हे कुलूप होतं. ८ नोव्हेंबरला, म्हणजे खाती बंद असतानाच, कंपनीनं कबूल केलं की १९९७ पासूनचा नफा सुमारे ५९ कोटी डॉलरनी फुगवून दाखवला होता. कर्मचाऱ्यांनी ही बातमी वाचली, घरी फोन केले, आणि पडद्यावर भाव उतरताना पाहत बसले. कुलूप लागलं तेव्हा शेअर १५ डॉलरच्या आसपास होता, उघडलं तेव्हा १० च्या खाली. ज्या वरिष्ठांकडे या योजनेबाहेरचे शेअर होते, त्यांना या काळात ते विकायला आडकाठी नव्हती.

हे कुलूप पुढे सगळ्या वर्तमानपत्रांत गाजलं, आणि त्यातला अन्याय इतका उघड होता की ते साहजिकच होतं. पण हिशेबाच्या अंगानं पाहिलं तर ९० डॉलरवरून १५ पर्यंतची घसरण कुलपाच्या आधीच होऊन गेली होती. खरा घात त्या दोन आठवड्यांत झाला नाही. पन्नाशीपर्यंतची विक्रीबंदी, शेअरच्या रूपातली भर आणि सभेतलं ते ‘नक्कीच’ या तीन गोष्टींनी तो अनेक वर्षं आधी, राजरोस आणि कायद्याच्या चौकटीत करून ठेवला होता.

दिवाळखोरीच्या अर्जाआधीच्या शेवटच्या दिवसांत सुमारे ५०० निवडक लोकांना कंपनीत टिकून राहावं म्हणून साडेपाच कोटी डॉलरचे बोनस वाटले गेले. काढून टाकलेल्यांच्या हाती सुरुवातीला जेमतेम ४,५०० डॉलर पडले. डिसेंबरमध्ये सिनेटच्या समितीसमोर एका निवृत्त बाईंनी साक्ष दिली. वर्षभरापूर्वी निवृत्त होताना त्यांच्याकडे एन्रॉनचे सुमारे ७ लाख डॉलरचे शेअर होते. आता त्यांची किंमत जवळपास शून्य झाली होती.

ले यांना मे २००६ मध्ये दोषी ठरवलं गेलं, पण शिक्षा सुनावण्याआधीच ५ जुलैला हृदयविकारानं त्यांचं निधन झालं आणि कायद्यानुसार तो निकालच रद्द झाला. स्किलिंग यांची २४ वर्षांची शिक्षा पुढे १४ वर्षांवर आली आणि २०१९ मध्ये ते सुटले. कर्मचाऱ्यांचे खटले वर्षानुवर्षं चालले आणि नुकसानीचा काही भागच त्यांच्या हाती आला. कायदे मात्र बदलले. २००२ च्या सार्बेन्स-ऑक्सली कायद्यानं खाती गोठवण्याआधी ३० दिवसांची नोटीस बंधनकारक केली आणि त्या काळात वरिष्ठांच्या विक्रीवर बंदी घातली. २००६ च्या कायद्यानं कर्मचाऱ्याला स्वतःच्या पैशांतून घेतलेले कंपनीचे शेअर केव्हाही, आणि कंपनीनं दिलेले तीन वर्षांच्या नोकरीनंतर, विकून दुसरीकडे गुंतवण्याचा हक्क दिला.

पण हे सगळं उशिरा सुचलेलं शहाणपण होतं असंही म्हणता येत नाही, कारण अमेरिकेला ते अर्धं आधीच सुचलेलं होतं. १९६३ च्या डिसेंबरमध्ये इंडियाना राज्यातल्या साऊथ बेंडचा स्टुडबेकर मोटारींचा कारखाना बंद झाला. कामगारांना ठरावीक पेन्शन देण्याचं वचन होतं, पण त्यासाठी पुरेसे पैसे बाजूला काढलेले नव्हते. जे निवृत्त झालेले किंवा साठीला पोचलेले होते त्यांना पूर्ण पेन्शन मिळालं. चाळीस ते साठ वयाच्या, किमान दहा वर्षं नोकरी झालेल्या ४,००० हून अधिक कामगारांना त्यांच्या हक्काच्या रकमेचे रुपयाला पंधरा पैसे मिळाले. त्यांहून तरुण असलेल्यांना काहीच नाही. याच धड्यातून १९७४ चा पेन्शन संरक्षण कायदा आला. त्यानं अशा पेन्शन फंडांना मालक कंपनीच्या शेअरमध्ये १० टक्क्यांहून अधिक पैसे ठेवायला मनाई केली. पुढे ४०१-के योजना आल्या तेव्हा ही १० टक्क्यांची मर्यादा त्यांना लागू झाली नाही. एन्रॉनचे ६२ टक्के याच फटीतून गेले.

ब्रिटननं वेगळा अनुभव घेतला. ५ नोव्हेंबर १९९१ रोजी ‘डेली मिरर’चे मालक रॉबर्ट मॅक्सवेल कॅनरी बेटांजवळ आपल्या बोटीवरून समुद्रात पडून मरण पावले. त्यानंतर काही आठवड्यांतच उघड झालं की त्यांच्या कंपन्यांच्या पेन्शन फंडांतून ४० कोटी पौंडांहून अधिक रक्कम गायब आहे. डगमगणाऱ्या कंपन्यांना टेकू देण्यासाठी फंडातले रोखे बँकांकडे तारण टाकले होते. कागदावर फंड कंपनीपासून वेगळा होता, त्याला विश्वस्त होते, पण तो पैसा सांभाळणारी संस्था मॅक्सवेल यांच्याच मुठीतली होती. छापखान्यात आयुष्य काढलेल्या माणसांना मालक गेल्यावर समजलं की आपलं पेन्शनही त्याच्याबरोबर गेलं असतं. सरकारच्या मदतीनं आणि बँकांबरोबरच्या तडजोडींमुळे ते बऱ्याच अंशी वाचलं.

भारतात या बाबतीत एक मोठी गोष्ट नीट झालेली आहे. १९५२ च्या कायद्यानं भविष्य निर्वाह निधी (पीएफ) कंपनीच्या बाहेर नेऊन ठेवला. कामगाराचे १२ टक्के आणि मालकाचे १२ टक्के (त्यातले ८.३३ टक्के वेतनमर्यादेच्या अधीन राहून पेन्शन योजनेत) कर्मचारी भविष्य निर्वाह निधी संघटनेकडे, म्हणजे ईपीएफओकडे जातात. तिथून ते मालकाच्या शेअरमध्ये गुंतवायचा पर्यायच कर्मचाऱ्यापुढे येत नाही. व्याजदर थोडा कमी-जास्त होतो, क्लेम अडकला की चकरा माराव्या लागतात, नाव किंवा जन्मतारीख जुळली नाही की डोक्याला ताप होतो, हे सगळं खरं. तरीही एकदा भरलेला पैसा कंपनी बुडाली म्हणून बुडत नाही. मुंबईच्या गिरणगावाला याची किंमत चांगली ठाऊक आहे. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या संपानंतर गिरण्या एकेक करून बंद पडत गेल्या, आणि जी देणी गिरणीच्याच तिजोरीतून यायची होती ती लिक्विडेटरच्या कचेरीत आणि जमिनीच्या विक्रीत वर्षानुवर्षं अडकून पडली. वारसांनी हेलपाटे घातले.

मात्र ही भिंत अखंड नाही. सर्वांत साधं भगदाड म्हणजे पगाराच्या स्लिपवर पीएफ कापलेला दिसतो, पण तो भरलेलाच नसतो. कंपनी अडचणीत आली की मालकाच्या हाताशी असलेला सर्वांत सोपा बिनव्याजी पैसा हाच असतो. कायदा याला विश्वासघाताचा गुन्हा मानतो. पण गुन्हा नोंदवला जाईपर्यंत कंपनीत नोंदवण्यासारखं काही उरलेलं नसतं. आता यूएएन या पीएफ खातेदाराच्या क्रमांकावरून पासबुक मोबाइलवर दिसतं. स्लिप आणि पासबुक दोन्ही समोर ठेवून महिना-महिना जुळवून पाहणं हे काम कुणालाही करता येतं, आणि कंपनीतल्या अडचणीची पहिली खूण बऱ्याचदा तिथेच दिसते. पगार वेळेवर होत असतानाच पासबुकात दोन महिन्यांचे खाडे पडलेले असतात.

दुसरं भगदाड मोठ्या आणि नावाजलेल्या आस्थापनांतलं. ईपीएफओची परवानगी घेऊन अनेक कंपन्या आणि सरकारी उपक्रम आपला पीएफ स्वतःच्या ट्रस्टमध्ये ठेवतात. विश्वस्त मंडळात मालक आणि कामगार दोघांचे प्रतिनिधी असतात, गुंतवणूक सरकारनं आखून दिलेल्या साच्यात करावी लागते, आणि तोटा आला तर मालकानं तो भरून द्यायचा अशी अट असते. व्यवस्था कागदावर चांगली आहे. पण २०१८ मध्ये वांद्रे-कुर्ला संकुलात मुख्यालय असलेली आयएल अँड एफएस कोसळली. या समूहाच्या डोक्यावर सुमारे ९१,००० कोटी रुपयांचं कर्ज होतं. त्या उन्हाळ्यापर्यंत तिच्या रोख्यांना सर्वोच्च, ‘ट्रिपल ए’ पत होती. सप्टेंबरात ती ‘डी’वर, म्हणजे थकबाकीदाराच्या पातळीवर आली. सुरक्षित म्हणून साच्यात बसणारे हे रोखे कितीतरी पीएफ ट्रस्टांनी घेतले होते. मग हे ट्रस्ट कंपनी कायदा अपिलीय न्यायाधिकरणाच्या दारात रांगेत उभे राहिले, बँकांच्या मागे, आणि बहुतेक ठिकाणी तारणाशिवाय.

त्याच्या पुढच्या वर्षीची लखनौची गोष्ट अधिक संतापजनक आहे. उत्तर प्रदेशच्या वीज महामंडळाच्या कर्मचाऱ्यांच्या ट्रस्टांनी मार्च २०१७ पासून सुमारे ४,१०० कोटी रुपये मुंबईच्या डीएचएफएल या खाजगी गृहकर्ज कंपनीत ठेवले. कंपनी गोत्यात आली तेव्हा सुमारे २,२६८ कोटी अडकलेले होते. नोव्हेंबर २०१९ मध्ये गुन्हा दाखल झाला, महामंडळाच्या माजी व्यवस्थापकीय संचालकांना अटक झाली, कर्मचारी रस्त्यावर उतरले आणि शेवटी राज्य सरकारला या पैशांची हमी घ्यावी लागली. डीएचएफएलमध्ये मुदतठेव ठेवलेल्या इतर सामान्य माणसांच्या मागे असं कोणी सरकार नव्हतं. त्यांना बऱ्याच मोठ्या रकमेवर पाणी सोडावं लागलं. खांबावर चढणारा लखनौचा वायरमन आणि पोर्टलंडचा तारमाणूस, दोघांनाही विचारून कोणी त्यांचे पैसे हलवले नव्हते.

तिसरी गोष्ट ग्रॅच्युइटीची, आणि इथे तर भिंतच नाही. १९७२ च्या कायद्यानं पाच वर्षं नोकरी झालेल्याला दर वर्षामागे पंधरा दिवसांच्या पगाराचा हक्क दिला. महिना म्हणजे २६ दिवस धरायचे. शेवटचं मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून २६,००० असेल आणि नोकरी वीस वर्षांची असेल, तर रक्कम होते ३ लाख. मुलीचं लग्न किंवा गावच्या घराचं छप्पर या रकमेवर ठरलेलं असतं. पण हे ३ लाख बहुतेक कंपन्यांत कुठल्याही वेगळ्या खात्यात नसतात. कंपनीच्या ताळेबंदात देणं म्हणून एक आकडा असतो, एवढंच. काही कंपन्या एलआयसीची गट योजना घेतात किंवा स्वतंत्र फंड करतात, त्यांच्या कामगारांची बाजू भक्कम असते.

२०१६ च्या दिवाळखोरी संहितेचं कलम ३६ सांगतं की पीएफ, पेन्शन आणि ग्रॅच्युइटी फंडातली कामगारांची देय रक्कम ही बुडालेल्या कंपनीच्या मालमत्तेत धरायची नाही. बँकांनी तिला हात लावायचा नाही. तरतूद चांगली आहे, पण फंडच काढलेला नसेल तर बाजूला काय ठेवायचं, हा वाद न्यायाधिकरणांपुढे पुन्हा पुन्हा आला आणि उत्तरं नेहमी एकसारखी आली नाहीत.

जेट एअरवेजच्या कर्मचाऱ्यांनी हा रस्ता पूर्ण चालून पाहिला. १७ एप्रिल २०१९ ला कंपनीचं शेवटचं विमान उडालं. जूनमध्ये प्रकरण दिवाळखोरी न्यायाधिकरणात गेलं. २०२१ मध्ये जालान-कॅलरॉक गटाचा प्रस्ताव मंजूर झाला, पण त्यात कर्मचाऱ्यांच्या वाट्याला फारच थोडं येत होतं. पायलट, केबिन क्रू, ग्राउंड स्टाफ, इंजिनिअर अशा सगळ्यांच्या संघटना भांडल्या. ऑक्टोबर २०२२ मध्ये अपिलीय न्यायाधिकरणानं सांगितलं की थकलेला पीएफ आणि ग्रॅच्युइटी पूर्ण द्यावी लागेल. जानेवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तोच निकाल कायम केला. कर्मचारी जिंकले. मात्र कंपनी नव्या मालकाच्या ताब्यात कधी गेलीच नाही, आणि ७ नोव्हेंबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयानं जेट मोडीत काढायचा आदेश दिला. ज्या प्रस्तावाच्या विरोधात हक्क मिळवला होता तो प्रस्तावच उरला नाही.

खरं तर ग्रॅच्युइटीच्या या प्रश्नावरचा उपाय कायद्याच्या पुस्तकात फार पूर्वीच लिहिला गेला होता. १९८७ च्या दुरुस्तीनं कलम ४-ए घातलं. प्रत्येक मालकानं ग्रॅच्युइटीच्या देण्याचा विमा उतरवायचा, किंवा मोठ्या आस्थापनेनं मान्यताप्राप्त फंड काढायचा. ते कुठे केव्हा लागू करायचं हे मात्र सरकारच्या अधिसूचनेवर सोडलं गेलं, आणि बहुतेक ठिकाणी ती अधिसूचना निघालीच नाही. कर्नाटकनं असा विमा सक्तीचा केला तो जानेवारी २०२४ मध्ये. मधल्या साडेतीन दशकांत बंद पडलेल्या कारखान्यांच्या, विमान कंपन्यांच्या आणि दुकानांच्या कामगारांना आपली ग्रॅच्युइटी बँका, पुरवठादार आणि करखात्यांच्या बरोबरीनं रांगेत उभं राहून मागावी लागली.